केरबाने कोरलेलं नाव

राजकन्येचं बारसं तासाभरावर आलं, तेव्हा कुणाच्या तरी लक्षात आलं की चांदीच्या एकशे एक वाट्यांवर बाळाच्या नावाच्या जागी 'अजून' असं कोरलेलं आहे.

वाट्या कोरणारा केरबा तेव्हा राजवाड्याच्या पडवीत पंगतीची वाट बघत बसला होता. आज महाराज आपल्याला पागोटं बांधणार, असं त्याने घरी सांगितलं होतं, शेजारी सांगितलं होतं, वाटेत भेटलेल्या दोन अनोळखी माणसांनाही सांगितलं होतं. शिपायाने दंडाला धरून उठवलं, तेव्हाही त्याला वाटलं की पागोट्यासाठीच नेतायत.

राजे उदाजीराव मनाचे वाईट नव्हते, पण भलते हट्टी. लग्नानंतर बारा वर्षांनी राणीसाहेबांना दिवस गेले, तेव्हाच राजांनी फर्मान काढलं होतं. नाव असं हवं की मुलगा झाला तरी शोभेल आणि मुलगी झाली तरी शोभेल. ते राज्यात दुसऱ्या कुणाचं नसावं. आणि त्यामागे सांगण्यासारखी काही गोष्ट असावी. शास्त्रीबुवांनी सगळ्या पोथ्या पालथ्या घातल्या, पण त्यांनी काढलेलं प्रत्येक नाव कुठल्या ना कुठल्या वाडीत निघायचंच. एक तर पाटलाच्या म्हशीचं निघालं.

इकडे वाट्या कोरायला महिना लागणार, म्हणून केरबा घायकुतीला आला. नाव ठरलं का, असा त्याने कारभाऱ्यांना निरोप धाडला. कारभाऱ्यांनी चिठ्ठी पाठवली. वरच्या ओळीत 'अजून', खालच्या ओळीत 'नाही'.

केरबा चाळीस वर्षं भांड्यांवर नावं घालत होता. अक्षर अगदी मोत्यासारखं, पण वाचायची बोंब. समोरच्या चिठ्ठीवरची वळणं तो जशीच्या तशी उतरवायचा. राजवाड्याच्या चिठ्ठीत वर मजकूर आणि खाली कारभाऱ्यांची सही असते, एवढं मात्र त्याला अनुभवाने ठाऊक होतं. त्याने वरचं कोरलं आणि खालची सही इमानदारीने सोडून दिली. वाट्या फडक्यात गुंडाळून आल्या, त्या कोऱ्याच असणार असं कारभाऱ्यांनी धरलं. नाव तर बारशाच्या दिवशीही ठरलेलं नव्हतं.

"तुला वाचता येत नाही?" राजांनी विचारलं.

"न्हाई सरकार. मला निस्तं लिवता येतं."

सगळे हसले. केरबाही हसला. राजे हसले नाहीत. आत्याबाई नाव सांगायला पाळण्याशी वाकतील, त्याआधी या शब्दाचं नाव करून दाखव, म्हणाले. तिन्ही अटी पुऱ्या झाल्या पाहिजेत. नाहीतर छिन्नी-हातोडी इथेच ठेवायची आणि जन्मात पुन्हा हातात धरायची नाही.

छिन्नी सोडली तर केरबाला दुसरं काहीच येत नव्हतं. एकदा बायकोने चुलीवरच्या भाताकडे बघायला सांगितलं होतं, तर शेजारीपाजारी कळशा घेऊन धावत आले होते.

"महाराज, हे नाव नव्हेच," शास्त्रीबुवा म्हणाले. "हे अव्यय आहे."

केरबाला ती शिवी वाटली. त्याने अर्थ विचारला आणि शास्त्रीबुवांना शिकवल्यावाचून राहवेना.

"पुढे 'तो' येवो नाहीतर 'ती' येवो, जे बदलत नाही ते अव्यय. ज्याचा कधी व्यय नाही, नाश नाही, ते."

"पयली अट बुवांनीच फेडली की सरकार," केरबा म्हणाला. "पोराला चालतंय, पोरीलाबी चालतंय. वर नाश न्हाई, ह्यो आशीर्वाद. आता बुवा, ह्या नावाचं दुसरं कुनी राज्यात हाय का?"

"असलं नाव कोण ठेवील?" शास्त्रीबुवा फणकारले, आणि दुसरी अटही आपणच फेडली हे त्यांच्या उशिरा लक्षात आलं. मग ते राजांकडे वळून म्हणाले की राजकन्येला एका अडाण्याच्या चुकीवरून नाव ठेवणं अभद्र आहे.

"बुवा, माझ्या आईची चार लेकरं गेली. पाचवा मी. आल्या आल्या मला केरात ठिवलं, उचललं आन् केरबा म्हनली. उकिरड्यावरचं नाव, पर साठ वर्सं टिकलंय." केरबा राजांकडे वळला. "सरकार, ह्ये नाव मी ठिवलं न्हाई. मी निस्तं उतरवलं. आन् गोष्ट म्हनाल तर, बारा वर्सं समदं राज्य ह्येच नाव घेतंय. बाजारात कुनी इचारायचं, सरकारच्या घरी पाळणा हलला का? दुसरा म्हनायचा, अजून न्हाई. देवळात त्येच, पाणवठ्यावर त्येच. माझी म्हातारी बायकू रोज इचारायची, आन् मी रोज सांगायचो, अजून न्हाई. आता लेक आलीया. एकदा तरी म्हनू द्या की आमाला, अजून हाय!"

पडद्याआड राणीसाहेबांनी डोळे पुसले. बारा वर्षं ते उत्तर सगळ्यांत जास्त वेळा त्यांनीच दिलं होतं. त्यांनी आत्याबाईंना मान डोलावून खूण केली. आत्याबाई पडद्याआडच्या पाळण्यात वाकल्या आणि बाळाच्या कानात म्हणाल्या, "कुर्रर्र... अजून."

राजे आधी गालात हसले, मग मांडीवर थाप मारून मोठ्याने हसले. कारभाऱ्यांना म्हणाले, बरं झालं याने तुमची सही नाही कोरली! त्यांनी स्वतःच्या हाताने केरबाला पागोटं बांधलं आणि वर चांदीचं कडं दिलं.

"झालं ना मनासारखं?"

केरबा हात जोडून तिथेच उभा राहिला. "अजून, सरकार."

दरबारात कुजबुज सुरू झाली. कारभाऱ्यांनी कपाळाला हात लावला. एवढं मिळालं तरी म्हाताऱ्याची हाव सुटत नाही, असं शास्त्रीबुवा ऐकू येईलसं पुटपुटले.

"अजून काय पाहिजे?" राजांनी विचारलं.

"अजूनच पायजे, सरकार. घरला गेलो की म्हातारी पयलं इचारनार, पोर दिसती कशी. लांबूनच, पर एकदा बघू द्या."

राजे पुन्हा पोट धरधरून हसले, आणि स्वतः उठून मुलीला आणायला आत गेले.