खरवडलेलं देऊळ

फार फार पूर्वी, समुद्रापलीकडच्या मक्याच्या देशात एक राजा होता. राजा म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे लगेच हत्ती, घोडे नि रथ येतील. छे हो! त्या देशात घोडा नव्हता आणि गाडीला चाकही नव्हतं. एक मोठं गाव, भोवती मक्याची शेतं आणि शेतांपलीकडे जंगल, एवढंच त्याचं राज्य. पण माणूस मनाचा चांगला होता.

राजाची आई लवकर गेली, तेव्हा थोरल्या बहिणीनं त्याला वाढवलं. तिला सगळं गाव आक्का म्हणायचं. राजाच्या घरची चूल तिच्या ताब्यात होती. राजानं हिरव्या पिसांचा केवढाही मोठा टोप घातला तरी आक्का त्याला "अरे बाळ" म्हणूनच हाक मारायची. रागावली की मात्र "महाराज" म्हणायची. तिच्या तोंडून "महाराज" ऐकलं की राजा टोप सावरून ताठ बसायचा.

घरात तिसरी होती राजाची नात. पाच-सहा वर्षांची, आईबापाविना पोर. सगळे तिला लाडानं कणसू म्हणायचे. दरबार भरला असला तरी ती आजोबांच्या मांडीवर बसून त्यांच्या टोपातली पिसं उपटायची, आणि राजा गंभीर चेहऱ्यानं न्यायनिवाडा करत राहायचा.

आता तिकडच्या भाकरीचं सांगते, कारण सगळं रामायण त्या भाकरीपायीच घडलं. त्या गावात मका तसाच दळत नसत. आधी तो चुन्याच्या पाण्यात उकळायचा, मग भिजत ठेवायचा. सकाळी दाणे चोळले की सालं सुटायची. ते स्वच्छ धुवून पाट्यावर वाटायचे. पीठ कसं मऊसूत व्हायचं, आणि मातीच्या तव्यावर भाकरी टम्म फुगायची. चुना का घालायचा, हे कुणी कधी विचारलं नव्हतं. आई घालायची, म्हणून लेक घालायची.

एकदा राजा शेजारच्या राज्यात पाहुणा म्हणून गेला. तिथं त्यानं एक देऊळ पाहिलं. पायथ्यापासून कळसापर्यंत चुन्याचा गिलावा, पांढरंशुभ्र, दोन कोसांवरून डोळे दिपवणारं. झालं! राजा परत आला तो तोंड पाडूनच. जेवेना, हसेना.

"काय रे बाळ, शिळं खाल्लंस की काय तिकडं?" आक्कानं विचारलं.

"आक्का, आपल्या मक्याच्या देवाचं देऊळ बघ. नुसते उघडे धोंडे! माझं वय झालं. डोळे मिटायच्या आत ते देऊळ पांढरं झालेलं मला बघायचं आहे. तोवर या घरात मांसमच्छी शिजायची नाही. गाव खाईल तीच भाकरी आपण खायची."

इथवर ठीक होतं. नवस बोलावा तर असा, स्वतःला तोशीस लावून घेणारा. पण चुना काही आभाळातून पडत नाही. चुनखडीचे दगड फोडा, ढिगानं लाकडं रचा, दिवसेंदिवस भट्टी पेटती ठेवा, तेव्हा कुठं चार टोपल्या चुना निघतो. आणि देऊळ तर डोंगराएवढं. पायथाच जेमतेम पांढरा झाला आणि चुना संपला.

गवंड्यांचा मुख्य राजाकडे आला. म्हणाला, "महाराज, गावात दोनशे चुली आहेत. रोज एकेका चुलीवर मूठभर चुना जातो. तेवढा वाचला तर काम धडाक्यात होईल."

राजानं विचार केला. चुना कशाला लागतो? सालं काढायला. सालं काय, पाट्यावर जोर काढून वाटली की झालं! त्यानं दवंडी पिटवली, की देऊळ पुरं होईपर्यंत सगळा चुना देवाला द्यायचा. चुलीवर चिमूटभरही चढवायचा नाही.

आक्का हातातलं पीठ न धुताच दरबारात येऊन उभी राहिली.

"महाराज," ती म्हणाली.

राजानं टोप सावरला.

"चुन्याशिवाय मका शिजवायचा नसतो, महाराज."

"का पण, आक्का? कारण सांग."

कारण आक्कालाही कुठं ठाऊक होतं? "आई घालायची," एवढंच ती म्हणाली.

"आई घालायची हे काही कारण झालं का?" राजा हसला, आणि दरबारही हसला. आक्का खाली मान घालून परत गेली. मला त्या दरबाऱ्यांचा अजून राग येतो. घरी जाऊन भाकऱ्या हाणणारेच ते सगळे!

चुली बिनचुन्याच्या पेटू लागल्या. पीठ चिकटेना, भाकरीला चिरा पडू लागल्या. बायका कुरकुरल्या, पण देवाचं काम म्हणून सोसत राहिल्या. त्या वर्षी घेवड्याला कीड लागली आणि भोपळे वेलावरच सडले. खायला मका, मका आणि मकाच.

तीन-चार महिने गेले आणि गाव आजारी पडू लागलं. उन्हात कातडी काळवंडायची, खरखरीत होऊन सोलवटायची. तोंडं आली, पोटं बिघडली. धडधाकट माणसं भिंतीला टेकून बसून राहायची, आपल्याच माणसांना ओळखायची नाहीत. गवंड्यांचे हात कापू लागले.

मग एका सकाळी कणसू उठलीच नाही. तिच्या गळ्याभोवती काळा खरखरीत पट्टा उठला होता. राजानं तिला मांडीवर घेतलं, टोप काढून तिच्या हातात दिला. म्हणाला, "उपट गं पिसं, सगळी उपट." पोरीनं टोपाकडे पाहिलं नाही की आजोबांकडेही नाही.

राजा हादरला. देऊळ अर्धवट राहिलं म्हणून देव कोपला, असं त्याला वाटलं. त्यानं काम दुप्पट करायचा हुकूम सोडला. दुप्पट भट्ट्या पेटल्या, गावातला उरलासुरला चुनाही भिंतीवर गेला. केवढी ही चूक! पण रडवेल्या आजोबाला कोण काय बोलणार?

देवळाच्या कामावर पाणी वाहायला एक बाई यायची. ओढ्यापलीकडच्या झोपडीत राहायची, गरिबातली गरीब. आक्काच्या एकदा ध्यानात आलं, की ही बाई दोन घागरी उचलून तरातरा चढते, आणि हिची तिन्ही पोरं देवळाच्या पायऱ्यांवर धिंगाणा घालताहेत.

"काय खायला घालतेस गं पोरांना?" आक्कानं विचारलं.

"भाकरीच की, आक्का. आमच्याकडं दुसरं काय असणार?"

आक्का तिच्या मागोमाग तिच्या घरी गेली. बाईनं तव्यावर भाकरी टाकली आणि भाकरी टम्म फुगली. आक्का बघतच राहिली.

"चुना कुठला गं हा?"

बाईचं तोंड पांढरंफटक पडलं. "आक्का, शपथ घेते, भट्टीतला कणभरही उचलला नाही! ओढ्यातल्या गोगलगायींचे शंख वेचते. ते चुलीत भाजले की पांढरी भुकटी होते. चुनखडीचा चुना आम्हाला कधी मिळालाच नाही, म्हणून माझी आई हेच घालायची."

आक्कानं तिला गच्च मिठीच मारली. मग ओंजळभर शंख पदरात घेऊन ती घरी आली. राजाच्या कोठारातलाच मका, शेतही तेच. त्यात तिनं शंखांचा चुना घातला आणि त्याची मऊ भाकरी पाण्यात कुस्करून कणसूला भरवली. दुसऱ्या दिवशी भरवली, तिसऱ्या दिवशी भरवली. आठवड्यानं पोरीचं तोंड बरं झालं. बाराव्या दिवशी ती क्षीण आवाजात म्हणाली, "आजोबा, टोप."

राजा हमसून हमसून रडला. आक्कानं त्याला रडू दिलं, आणि मग शंखांच्या चुन्याचं सगळं सांगितलं: चुन्याशिवाय नुसत्या मक्याचा कस अंगी लागत नाही, हेच ते कारण.

"अगं, मग गावाला वाट ना हा चुना!" राजा उठलाच.

"कुठून वाटू? ओढ्याला पूर आला आहे, एक शंख सापडेना."

"भट्ट्या लावा!"

गवंड्यांच्या मुख्यानं मान हलवली. पावसाळा लागला होता. दगडाच्या खाणीत पुरुषभर पाणी, आणि रानात कोरडं लाकूड औषधालाही नव्हतं. पाऊस थांबायला तीन महिने होते. तेवढ्या वेळात निम्मं गाव गेलं असतं.

राजा दारात बसला. समोर देऊळ होतं, चारांतले तीन हिस्से पांढरं झालेलं. भोवती गवंड्यांनी चढायला बांधलेली सुक्या लाकडांची उंच परांची, वरून झावळ्यांचं छप्पर घातलेली, आत थेंबभर पाणी न जाणारी.

"गिलावा खरवडून पुन्हा भाजला तर?" राजानं हळूच विचारलं.

"चुनाच होईल, महाराज." मुख्य म्हणाला. त्याचे डोळे भरून आले. "पण भट्टीला परांची जाळावी लागेल. मग हे देऊळ आपल्या हयातीत पांढरं व्हायचं नाही."

"आणि देव रागावला तर, आक्का?"

"अरे बाळ, मक्याचाच देव ना तो? पोरांच्या पोटात मका गेला की भरून पावेल."

राजानं काळ्या काचदगडाचं पातं घेतलं आणि आपल्या हातानं पहिला खपला काढला. ज्या भिंतीसाठी तो नवस बोलला होता, ती भिंत! मग गावातल्या बायका आल्या. कुणाच्या हातात उलथनं, कुणाच्या हातात शिंपला, कुणाच्या हातात फुटक्या मडक्याची खापरी. भर पावसात सगळ्यांनी मिळून देऊळ खरवडलं, परांची मोडून भट्टी पेटवली, आणि चार दिवसांनी प्रत्येक चुलीवर मूठभर चुना पोचला.

गाव सावरलं. सगळं नाही, तीन म्हातारी माणसं आणि एक तान्हं पोर तोवर गेलं होतं. राजा त्या चारही घरी अनवाणी गेला आणि म्हणाला, "चूक माझी आहे." शंख वेचणाऱ्या त्या बाईला त्यानं राजाच्या चुलीशी, आक्काच्या शेजारी मानाची जागा दिली.

देऊळ मात्र तसंच राहिलं, इथं पांढरं, तिथं उघडं, ओरखडेच ओरखडे. येणारे-जाणारे फिदीफिदी हसायचे. राजा म्हणायचा, "हसा, पण आधी जेवून घ्या."

शेकडो वर्षं उलटली. गाव मातीखाली गेलं. मग एक दिवस जमीन खणून जुन्या गोष्टी शोधणारी शहाणी माणसं तिथं आली. त्यांनी देऊळ उकरलं, भिंतीवरचे ओरखडे मोजले, आणि वहीत लिहिलं, 'या देवळाची नासधूस कुणा क्रूर शत्रूनं केली असावी.'

लिहू देत बापडे. आपल्याला खरं ठाऊक आहे. बोध म्हणाल तर एवढाच: माणसांच्या भाकरीतलं काढून भिंती सजवू नयेत, आणि चुकून सजवल्याच तर त्या आपल्या हातानं खरवडायला लाजू नये.