एक शब्दही न चुकता

शिरवलीच्या सरकारांनी फर्मान काढलं, की वाड्यातल्या प्रत्येक नोकरानं भर दरबारात इंग्रजीतून स्वतःची ओळख करून द्यायची. जमलं नाही, तर त्याच दिवशी गाठोडं बांधायचं!

पुढच्या महिन्यात गोरे साहेब यायचे होते आणि सरकारांना त्यांच्यापुढे मिरवायचं होतं. सरकार स्वतः पावसाळाभर घाम गाळून मास्तरांकडून आपली ओळख शिकले होते. 'आय ॲम द किंग ऑफ शिरवली. आय ॲम टॉल. आय हॅव अ व्हाइट हॉर्स.' सरकार तसे ठेंगणेच, पण मास्तरांनाही पोट भरायचं होतं. आता सरकारांचा हट्ट असा, की एवढं चोख इंग्रजी तयार असताना दुसरं कशाला? सगळ्यांनी हेच पाठ करायचं, आणि शब्द इकडचा तिकडे झाला की नोकरी गेली. दिवाणजी समजावायला गेले, तर सरकार त्यांच्यावरच खेकसले.

दरबार भरला. पहिली पाळी म्हाताऱ्या चोपदाराची, हैबतीची. तो चाचरत 'आय ॲम हैबती' म्हणाला मात्र, सरकारांनी शब्द बदलला म्हणून त्याची चांदीची काठी काढून घ्यायला लावली. बिचारा भिंतीशी उभा राहून डोळे पुसू लागला.

पुढची पाळी येसूची. ही मुदपाकखान्यात मसाला वाटायची. वडील नव्हते, आई अंथरुणाला खिळलेली, नोकरी गेली तर घरात चूल पेटणार नव्हती. म्हणून तिनं मास्तरांना रोज झणझणीत ठेचा पोचवला होता आणि पाठाबरोबर शब्दाशब्दाचा अर्थही काढून घेतला होता. हैबतीकडे बघून तिला भडभडून आलं, आणि मग जी चिडली म्हणता! पदर खोचून पुढे झाली आणि सगळा पाठ खणखणीत म्हणून मोकळी झाली.

"शाब्बास! एक शब्दही चुकला नाही. अगदी बरोबर!" सरकार खूश झाले.

येसूनं मुजरा केला नाही. सरळ पायऱ्या चढली आणि गादीच्या कडेला जाऊन बसली. भालदार धावले, दिवाणजींची बोबडी वळली.

"काय गं, डोकं फिरलंय का तुझं?" सरकार गरजले.

"शिरवलीचा राजा मी आहे, असं आत्ताच सांगितलं की. अगदी बरोबर, असं सरकारच म्हणाले. जरा सरकून बसता का?"

सरकार ओरडले, की हे साफ चूक आहे.

"चूक असेल तर माझी नोकरी गेली," येसू शांतपणे म्हणाली. "बरोबर असेल तर तुमची गादी गेली. काय घालवायचं ते सरकारांनी ठरवावं. आणि साहेब आल्यावर झाडूवाल्यापासून सगळेच राजे निघाले, तर त्यांनी हात कुणाच्या हातात द्यायचा?"

सरकारांचं पोट हलायला लागलं, आणि हसता हसता ते लोडावर कलंडले. म्हणाले, बरं बाई, तुझी खरी ओळख काय ती सांग.

येसू खाली उतरली, मुजरा केला आणि म्हणाली, "आय ॲम येसू. आय ग्राइंड चिली. द किंग ईट्स. द किंग क्राइज!"

ठेचा न खाताच सरकारांच्या डोळ्यांना धारा लागल्या. त्यांनी हातातलं सोन्याचं कडं काढून येसूला दिलं, हैबतीची काठी त्याच्या हाती परत दिली, आणि मास्तरांना बजावलं, की उद्यापासून ज्याची त्याला ओळख शिकवा.

"आणि माझ्या पाठातलं ते टॉल," सरकार हळूच म्हणाले, "तेवढं काढा."