सकाळी झाकलेला विस्तव

“आई निरोप देताना काय बोलते, सिस्टर? लवकर सांगा! संध्याकाळी पडदा वर जायचाय!”

डोनल हेगर्टीने हॅट टेबलावर आपटली. पीठ उडालं.

सिस्टर गोबनेट पावाचं पीठ मळत होत्या. न्यूयॉर्कमधल्या त्या लहानशा मठाच्या स्वयंपाकघरात सकाळचं ऊन आलं होतं. दोघंही आयर्लंडच्या एकाच खेड्यातली. डोनलला पहिली अक्षरं त्यांनीच गिरवायला लावली होती.

“आधी हॅट उचल. अन्नाशेजारी ठेवू नये.”

त्याने हॅट उचलली. पाय मात्र थांबेनात.

“सिस्टर, ब्रॉडवेवर माझं नाव दिव्यांनी लिहिलंय! बोटीतून उतरलो तेव्हा गोदीत पोती वाहिली. पहिलं नाटक चर्चच्या तळघरात केलं, खुर्च्या मीच मांडल्या आणि त्यांच्यावर बसलोही मीच! आज थिएटरबाहेर रांग लागलीय. रांग!”

“मग चेहरा असा का?”

“शेवटचा प्रवेश उभा राहत नाहीये. मुलगा अमेरिकेला निघालाय, दारात उभा आहे. आईला मी तीन पानांचं भाषण दिलंय. समुद्र, आसवं, आशीर्वाद... काही म्हणून सोडलं नाही. आणि रंगीत तालमीला लोक खोकत होते हो! खोकत!”

सिस्टर हसल्या.

“तुझी आई काय बोलली होती?”

डोनल येरझारा घालता घालता थबकला.

“...काही नाही.”

“काहीच नाही?”

“मी दारात उभा. हातात पेटी. म्हटलं, आई, येतो गं. तिने वळूनसुद्धा पाहिलं नाही. चुलीपाशी बसून निखाऱ्यांवर राख ओढत राहिली. एकुलता एक लेक समुद्रापार चाललाय, आणि हिला चुलीचं पडलंय!”

“म्हणून कधी परत गेला नाहीस?”

“ज्या घराने पाठ फिरवली, तिथे कशाला जाऊ? ती बोलली नाही, ते मी बोलायला लावतो. दर नाटकात. दर आईला.”

“निखाऱ्यांवर राख का ओढतात, आठवतं का?”

“हे मला विचारता?” डोनलने मान ताठ केली. “आपल्या गावचं शेंबडं पोरही सांगेल. निजायच्या आधी घरची बाई विस्तव राखेत झाकते. म्हणते, देवा, उजाडेपर्यंत सांभाळ. उजाडलं की राख उकरते, फुंकर घालते. आमच्या घरचा विस्तव पणजीच्याही आधीचा आहे. कधी विझला नाही.”

“शहाणा आहेस.”

सिस्टर उठल्या. मोठ्या शेगडीचं दार उघडलं. आत निखारे लालबुंद फुलले होते. त्यांनी लोखंडी फावडं घेतलं आणि शांतपणे त्यांच्यावर राख ओढायला लागल्या.

“अहो, सिस्टर! पाव भाजायचेत ना अजून?”

त्या राख ओढत राहिल्या.

“काय करताय हे? ही काय विस्तव झाकायची वेळ आहे? आत्ता तर सकाळ...”

डोनलने आजूबाजूला पाहिलं.

ऊन टेबलावर होतं. पिठावर होतं. सिस्टरांच्या पाठीवर होतं.

“सिस्टर,” तो हळूच म्हणाला, “मी निघालो तेव्हाही सकाळच होती.”

सिस्टरांनी शेगडीचं दार लावलं.

पुढच्या क्षणी डोनल ओरडला. खिशातून ती तीन पानं काढली, टराटरा फाडली आणि शेगडीकडे धावला.

“तिथे नको,” सिस्टर म्हणाल्या. “आत विस्तव निजलाय.”

पानं केराच्या बादलीत गेली. डोनल जिन्यावरून दोन-दोन पायऱ्या ओलांडत गेला. हॅट स्वयंपाकघरातच राहिली.

थिएटरात एकच गोंधळ उडाला. आईचं काम करणाऱ्या मिस कार्बेरी कमरेवर हात ठेवून उभ्या राहिल्या.

“भाषण नाही? आणि वर प्रेक्षकांकडे पाठ? माझी पाठ बघायला लोक येतात का, मिस्टर हेगर्टी?”

“आज येतील! खिडकीतून ऊन सोडा रे, भरपूर ऊन! मिस कार्बेरी, तुमच्या पाया पडतो. फक्त राख ओढा.”

संध्याकाळी पडदा वर गेला. शेवटचा प्रवेश आला.

खिडकीतून लख्ख ऊन. दारात मुलगा. चुलीपाशी आई, पाठमोरी, निखाऱ्यांवर राख ओढणारी.

खालच्या भारी खुर्च्यांतली माणसं एकमेकांकडे पाहू लागली. कुणाला काही कळेना.

तेवढ्यात अगदी वरच्या, स्वस्तातल्या बाकांवरून एका बाईचा आवाज फुटला.

“अगं बाई... दिवसाढवळ्या झाकतेय गं ती!”

वर सगळ्या आयरिश बायका. लोकांच्या घरी धुणीभांडी करणाऱ्या, लोकांची पोरं सांभाळणाऱ्या. एक हुंदका आला. मग दुसरा. मग वरून खालपर्यंत सारं थिएटर हललं. ज्यांना कळलं नव्हतं, त्यांनीही रुमाल काढले.

दुसऱ्या दिवशी सकाळी डोनल मठात आला तो धापा टाकतच. हातात फुलांचा एवढा मोठा गुच्छ.

“सिस्टर! सगळे उभे राहिले! मला रंगमंचावर ओढून नेलं! म्हातारे दरवान माझ्या गळ्यात पडून रडले! आता लंडनला बोलावताहेत, शिकागोला बोलावताहेत!”

सिस्टरांनी गुच्छ घेतला, पाण्यात ठेवला. शेगडीतली राख बाजूला केली, वाकून फुंकर घातली. निखारा उमलला.

“छान झालं, लेकरा. आणि राख कुणी उकरली?”

“कुठे?”

“तुझ्या नाटकात.”

“कुणीच नाही. ती झाकते, मुलगा जातो, पडदा पडतो. तिथेच तर संपतं.”

“संपतं?”

डोनल गुच्छातल्या फुलांकडे पाहत राहिला. मग खिडकीकडे वळला. तिकडे, इमारतींच्या पलीकडे, बंदर होतं. एका बोटीचा भोंगा वाजला.

“आई थकली असेल आता,” तो म्हणाला. “मला ओळखेल का हो?”

सिस्टरांनी कालची हॅट झटकली. त्याच्या हातात दिली.

“तिकडे आत्ता दुपार असेल,” हॅट फिरवत तो स्वतःशीच बोलल्यासारखा म्हणाला. “शेजारपाजारच्या बायका पाणी भरून परतत असतील...”

सिस्टरांनी दार उघडून धरलं.

“गावात दुपार असेल, डोनल. तुझ्या घरी अजून उजाडलेलं नाही.”