माघारीचं फूल

“माझं फूल तुम्ही कुणाला विचारून दिलंत?”

नागनाथ टेकडीवरून धावतच खाली आला होता. छाती भात्यासारखी चालली होती, पण तेवढं विचारण्यापुरता दम त्याने राखून ठेवला होता.

रेवाक्का मठाच्या पायरीवर गोधडीला टाके घालत बसली होती. तिने दोरा दातांनी तोडला, सुई गोधडीत खोचली आणि वर पाहिलं.

त्या मुलखात काळ झाडांना लागतो, जसा आपल्याकडे फणस लागतो. उद्याळूच्या फांदीवर उद्याची फळं आज दिसतात, आणि तोडायला जावं तर हाती लागत नाहीत. गेलसावलीच्या बुंध्याशी टेकलं की गेल्या वर्षीची सावली अंगावर येते. अशा सगळ्या झाडांची एक पोथी मठात होती, आणि ती जिवंत होती. टेकडीवर जे उगवे ते पोथीच्या पानावरही उगवे, चिमुकलं, मुळांसकट. तिची धूळ कुणी झटकत नसे. रोज सकाळी तिला पाणी घालावं लागे.

रेवाक्का त्या पोथीची राखणदार. नागनाथ तिचा शिष्य. पानावर उगवलेल्या रोपाशेजारी त्याची नोंद लिहायची, हे त्याचं काम. बारा वर्षं तो लिहीत होता. आपल्यासारखी नोंद आजवर कुणी केली नाही हे त्याला ठाऊक होतं, आणि इतरांच्या ध्यानात राहावं म्हणून तो ते अधूनमधून सांगतही असे.

माघारीचं झुडूप त्यानेच शोधलं होतं. त्याला नऊ वर्षांतून एक फूल येतं. ते घटकाभर टिकतं. फूल ओंजळीत धरणाऱ्याला त्याची गेलेली एक घटका परत मिळते. त्या घटकेला तो जिथे होता तिथेच पुन्हा जाऊन बसतो. नऊ वर्षं नागनाथने त्या झुडपाला कुंपण घातलं, त्याच्या अळ्या वेचल्या, उन्हाळ्यात दोन-दोन घागरी वर वाहून नेल्या. आणि आज फूल उमललं तेव्हा रेवाक्काने ते लाकडं गोळा करायला आलेल्या कोंडाबाईच्या ओंजळीत ठेवलं.

कोंडाबाईच्या. जिला पोथी म्हणजे काय हेही माहीत नाही.

“आणि तिने मागितलं काय, तर…” नागनाथचा आवाज चिरकला. “वाटेत भेटली मला. हसत होती. लेकीच्या डोक्यातल्या उवा काढत बसली होती म्हणे, ती घटका मागून घेतली. उवा, अक्का.”

“लेक चार वर्षांमागे तापाने गेली तिची,” रेवाक्का म्हणाली.

ते नागनाथलाही माहीत होतं. त्यामुळे तो आणखीच भडकला. दुःख कुणाला नाही, असं त्याने सुनावलं. मुलखातल्या साऱ्या दुःखी माणसांना हाका मारून फुलं वाटायची असतील तर मठाला कुलूप लावा आणि बाजारात टोपली घेऊन बसा, असंही सुनावलं. शिष्याने गुरूशी असं बोलू नये, पण त्या घडीला त्याला गुरू दिसतच नव्हती. दिसत होता तो फक्त रिकामा देठ.

रेवाक्काने सगळं ऐकून घेतलं.

“फूल उमललं तेव्हा तू कुठे होतास?”

“पोथीपाशी. नोंद लिहीत होतो.”

“मी टेकडीवरून तीनदा हाक मारली.”

“मी ओ दिली की.”

“काय म्हणालास?”

नागनाथ थबकला. “…आलोच, म्हणालो.”

पानावरची कळी तेव्हा मिटलेलीच होती. तिच्याकडे बघत तो पाकळ्यांच्या कडांचा रंग लिहीत होता. पानावरचं रोप टेकडीवरच्या रोपाच्या घटकाभर मागे चालतं. हा नियम पोथीच्या पहिल्याच पानावर आहे, आणि तो नागनाथच्याच वळणदार अक्षरात आहे. पानावर फूल फुललं, त्याने शेवटचं वाक्य पुरं केलं, शाई वाळू दिली, लेखणी कानावर खोचली आणि मग तो टेकडी चढला.

चूक झाली होती. ती कळल्यावर माणसाने गप्प बसावं, पण नागनाथला उलट जोर चढला.

“नऊ वर्षं, अक्का. एका घटकेसाठी. मला दुसरं काही नको होतं. आबा गेले ती घटका हवी होती मला.” त्याचे डोळे भरून आले, आणि ते भरल्याचाही त्याला राग आला. “गाव इथून दोन दिवसांच्या वाटेवर. निरोप आला होता, लवकर ये म्हणून. मी पोहोचलो तेव्हा राखसुद्धा गार झाली होती. ती एक घटका तुम्ही माझ्या हातातून काढून घेतलीत.”

रेवाक्काने त्याच्याकडे पाहिलं. तिच्या नजरेत राग नव्हता, आणि तेच त्याला सोसवेना.

“आबा गेले त्या घटकेला तू कुठे होतास, नागनाथा?”

“इथेच.”

“काय करत होतास?”

त्याने तोंड उघडलं…

हात आपसूक कानाकडे गेला आणि लेखणीला लागून तिथेच थांबला. उद्याळूची नोंद. ती अर्ध्यावर होती म्हणून निरोप आल्यावरही तो चार दिवस थांबला होता. मुलखातली सर्वांत सुंदर नोंद, असं सगळे म्हणाले होते. नऊ वर्षं त्याने ज्या फुलाला पाणी घातलं, ते त्याला पुन्हा त्याच नोंदीपुढे नेऊन बसवणार होतं.

आता राग कुणावर काढावा ते त्याला कळेना. पण राग गेलाही नव्हता.

रेवाक्का उठली. आत जाऊन दोन्ही हातांनी पोथी घेऊन आली. ती जड होती आणि तिला ओल्या मातीचा वास येत होता. तिने माघारीचं पान उघडलं. पानात खूण म्हणून एक घडी घातलेला कागद होता.

चार दिवसांमागे बांगड्या विकणारा कासार तो घेऊन आला होता. नागनाथने तो वाचला होता. आईने कुणाकडून तरी लिहून घेतलेल्या दोनच ओळी होत्या. मला आता दिसेनासं झालंय. एकदा येऊन जा, चेहरा हाताने चाचपून बघीन.

कळी धरली होती, दोन-चार दिवसांचाच प्रश्न होता. आलोच म्हणून सांगा, असं त्याने कासाराला सांगितलं होतं, आणि पान सापडायला सोपं जावं म्हणून तो कागद तिथे घालून ठेवला होता.

पानावरच्या झुडपाची मुळं त्या कागदात शिरली होती. रेवाक्काने एकेक मूळ नखाने हळूच सोडवलं. कागद त्याच्या हातात दिला. मग त्याच्या कानावरची लेखणी काढून आपल्या अंबाड्यात खोचली.

नागनाथ कागदाकडे बघत उभा राहिला. उन्हं अजून टेकडीच्या माथ्यावर होती. गावाकडे जाणारी घाटाची वाट स्वच्छ दिसत होती.

“अक्का, ही नोंद…”

“पोथीला पाणी मी घालीन.”