म्हाळसाक्काचे गार हात

तुमच्या आज्याच्या तोंडात सगळे दात होते तेव्हाची गोष्ट. म्हाळसाक्काच्या परसात बर्फाच्या डोंगराकडून आणलेलं नेक्टरिनचं झाड होतं. नेक्टरिन म्हणजे दाढी केलेलं पीच, हसू नका. त्याची पानं रोगानं मुरडून तांबड्या फोडांनी भरली होती, तरी ते एक पान सोडीना.

शेजारचं डाळिंब म्हणालं, "अरे, टाक ती पानं अन् झोप. झोपल्याबिगर फूल येत नसतं."

"आमच्याकडं पानं न्यायला बर्फ येतो. तो येईस्तोवर मी जागा राहणार."

"इथं बर्फ? बस मग वाट बघत!"

रोग जावा म्हणून पानांवर ताक शिंपडून शिंपडून म्हाळसाक्का दमली. पौषातल्या एका सकाळी भांडी घासून ती तशीच आली आणि गारठलेल्या हातांनी पानं ओरबाडू लागली. "सगळी जाळते मेली!"

झाड शहारलं. "आला का रे बर्फ?"

डाळिंबाच्या जिभेवर टोमणा आला होता. तो त्यानं गिळला. "आला रे. झोप आता."

फाल्गुनात झाड गुलाबी फुललं.

तेव्हापासून दर पौषात मोरीवर भांडी वाजली, की ते सगळ्या फांद्या तिकडं वळवून उभं राहतं.