पांढऱ्या शेपटीचा पारवा

पूर्वी शूर्पारक नगरात राजा जयसेन राज्य करीत होता. त्या काळी बोधिसत्त्व दूर दक्षिण समुद्रातल्या बेटांवर पारव्याच्या योनीत जन्मला होता. त्याच्या गळ्याला हिरवट तांब्याची झळाळी होती, शेपटी मात्र शुभ्र. पिलांच्या शेपट्या काळ्या असत. तिन्हीसांजेला थवा एका बेटावरून दुसऱ्या बेटावर जाई, तेव्हा जो तो पुढच्याच्या पांढऱ्या शेपटीवर नजर ठेवी.

त्याच समुद्रात शूर्पारकाचा तांडेल भद्रघोष वाट चुकला होता. गोडे पाणी संपले होते. त्याचा धाकटा भाऊ वसुमित्र तहानेने आणि तापाने बरळत होता. सोडताच जमिनीकडे उडावा म्हणून खलाशी जहाजावर कावळा पाळत. तोही मेला होता. भद्रघोषाचा पाय एका जागी ठरेना.

एवढ्यात काळ्या शेपटीचा एक पारवा दमून जहाजावर उतरला. भद्रघोषाने तो धरला आणि कावळ्यासारखाच आकाशात सोडला. पारवा घिरट्या घालून पुन्हा डोलकाठीवर येऊन बसला.

"तांडेलदादा, हे पाखरू तर तुमच्याहून जास्त वाट चुकलेलं!" एक खलाशी हसला.

चुकलेल्या पिलाला शोधत बोधिसत्त्व तिथे आला. वसुमित्राचे फुटलेले ओठ पाहून तो म्हणाला, "माझ्या मागून या. पाणी आहे. त्याच झऱ्यावरच्या झाडांत आमची घरटी आहेत."

"वा! पाण्याबरोबर जेवणही!" तोच खलाशी म्हणाला.

भद्रघोष ओशाळला. "मी शपथ घेतो, तुमच्या घरट्यांना..."

"शपथ नको," बोधिसत्त्व म्हणाला. "तुझ्याकडून ती घेऊन वाट दाखवली तर सौदा होईल. तुझा भाऊ मरतो आहे. चल."

अंधारत्या समुद्रावर ती पांढरी शेपटी पुढे, तिच्यामागे पिलू आणि त्यामागे जहाज. बेट आले. वसुमित्र पाणी प्याला, त्याने डोळे उघडले. तोवर खलाशांनी जाळी काढलीही होती. वर एकेका घरट्यात एकेकच अंडे होते.

शपथ असती तर भद्रघोषाने तिच्यातून पळवाट काढली असती. शपथच नव्हती, मग पळवाट कुठून काढणार? तो झाडाखाली वाट अडवून उभा राहिला.

"एका घरट्याला जरी हात लागला, तर परतताना सुकाणू तुम्हीच धरा!"

खलाशी कुरकुरले, आणि नारळ फोडू लागले.

ही कथा सांगून शास्ता म्हणाले, "भिक्खूंनो, तेव्हाचा तांडेल म्हणजे हा माझा शिष्य आनंद. तो पारवा मी होतो. हसणारा खलाशी आज तुमच्यातच बसला आहे. त्याचे नाव मी घेणार नाही. बदल्यात काही न मागता दिले, हीच दानपारमिता, दानाची परिपूर्णता."