उलांडी सोडलेली होडी

समुद्राला अजून मालक मिळाले नव्हते, तेव्हाची गोष्ट. दूरच्या एका बेटावर रुआ नावाची होडी होती. तिच्या कुशीला आडव्या दांड्यांनी एक ओंडका बांधलेला असे. त्याला उलांडी म्हणतात. उलांडीच्या तोलावर रुआ चार बेटे फिरून आली होती आणि तिच्या मासळीवर सगळा गाव जेवत होता.

मग एक मोठे जहाज आले. त्याचा पांढरा मचवा किनाऱ्याला लागला आणि रुआकडे पाहून हसला.

"बाई, हे कुबड कसले? चारचौघांत वावरायचे तर अंग नीटनेटके हवे."

रुआ शरमली. त्या दिवसापासून उलांडी तिला खुपू लागली.

उलांडी म्हणाली, "अगं, त्या मचव्याचे पोट रुंद आहे, तुझे चिंचोळे. मला सोडलेस तर उभी कशी राहशील?"

"तू गावंढळ ती गावंढळच," रुआ म्हणाली आणि तिने दोर सोडवून घेतले.

मग ती ऐटीत पाण्यात उतरली. पहिल्याच लाटेने तिला पालथी केली. जाळी वाहून गेली. मचव्याने मोठ्या मनाने तिला ओढून वाळूवर टाकले आणि मासेमारीचे काम स्वतःकडे घेतले. तेव्हापासून चांगली मासळी जहाजावर जाते आणि गावाला माशांची डोकी मिळतात.

आता पाहुणे आले की मचवा त्यांना रुआ दाखवतो.

"ही इथली जुनी होडी. पाण्यात उभे राहणे हिला कधी जमलेच नाही. म्हणून तर आम्हाला यावे लागले."

पाहुणे हळहळतात.

"खरे आहे," रुआ म्हणते. "आमच्यात ती अक्कल नव्हतीच."